स्टीलच्या सिंकवर, मांडणीवर आणि पाण्याच्या पिंपावर तांबूस ठिपके: कारण आणि उपाय

प्रश्न
जुळे सोलापूर येथील गृहिणी

सर्वांना नमस्कार. आपल्या शहरात नळाला रोज पाणी येत नाही, त्यामुळे उजनीचे पाणी येईल त्या दिवशी भरून ठेवायचे आणि पुढची पाळी येईपर्यंत पुरवायचे, हा घरोघरचा परिपाठ आहे. आमच्याकडे पिण्याचे पाणी तोटी असलेल्या मोठ्या स्टीलच्या पिंपात असते आणि धुण्याभांड्यांना बोअरचे पाणी वापरतो. नव्या घरात राहायला आलो तेव्हा सिंक, भांड्यांची मांडणी आणि पिंप असे तिन्ही नवे घेतले. वर्ष उलटायच्या आत तिन्हींवर गंज दिसू लागला आहे. सिंकमध्ये घासणी आणि साबणाची वडी ठेवतो त्या कोपऱ्यात टाचणीच्या टोकाएवढे तांबूस ठिपके आहेत. मांडणीच्या खालच्या तारांवर पांढरट थर बसला आहे आणि तो नखाने खरवडला की खाली तपकिरी डाग निघतो. पिंपाच्या तोटीभोवती, जिथे जोड दिला आहे तिथे, तर गंजाचे कडेच उमटले आहे.

सासूबाईंच्या लग्नातील ताटे, वाट्या आणि पाण्याचा हंडा आजही लख्ख आहेत, त्यावर एक डाग नाही. मग आताचे स्टीलच निकृष्ट येते, की आमच्या पाण्याचा हा परिणाम आहे? डाग काढण्यासाठी कशाने घासावे, ते पुन्हा येऊ नयेत म्हणून काय करावे, आणि पिंपातील पाणी पिण्यास हरकत नाही ना, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

उत्तर १
निवृत्त धातुतंत्रज्ञ, होटगी रस्ता

ताई, सर्वांत आधी पाण्याविषयी सांगतो, म्हणजे आपली काळजी मिटेल. गंज म्हणजे लोखंडाचे ऑक्साइड. एवढ्या अल्प प्रमाणात ते पाण्यात उतरले तरी प्रकृतीला अपाय होत नाही. मात्र गंजामुळे पडलेल्या बारीक खड्ड्यांत मळ आणि शेवाळ धरून राहते, म्हणून डाग तसेच सोडून देऊ नयेत.

आपण तीन जागा सांगितल्या आहेत आणि माझ्या मते तिन्ही ठिकाणी कारणे वेगवेगळी आहेत. ती समजण्यासाठी स्टील एरवी गंजत का नाही, हे आधी पाहावे लागेल. स्टेनलेस स्टीलमध्ये सर्वांत मोठा वाटा लोखंडाचाच असतो. त्यात किमान १०.५ टक्के क्रोमियम मिसळले, की हवेतील प्राणवायूशी त्याचा संयोग होऊन पृष्ठभागावर क्रोमियम ऑक्साइडचा एक अखंड थर तयार होतो. तो अवघा काही नॅनोमीटर जाडीचा असल्यामुळे डोळ्यांना दिसत नाही आणि चमकही झाकत नाही. हा वरून दिलेला मुलामा नव्हे. तो धातूतूनच उगवतो, आणि ओरखडा पडला तरी हवा मिळताच जखमेवर खपली धरावी तसा पुन्हा धरतो. इंग्लंडमधील शेफील्ड येथे १९१३ मध्ये हॅरी ब्रेअर्ली यांनी बंदुकीच्या नळ्यांसाठी टिकाऊ पोलाद शोधताना सुमारे १२.८ टक्के क्रोमियम असलेले पोलाद ओतले आणि त्यातूनच सुऱ्या-चमच्यांचा न गंजणारा प्रकार पुढे आला. तेव्हापासून आजपर्यंत सगळी भिस्त याच थरावर आहे. त्यामुळे घरात स्टील जपायचे म्हणजे त्या थराला हवा मिळू द्यायची आणि त्याच्या शत्रूला दूर ठेवायचे, एवढेच काम उरते.

तो शत्रू म्हणजे क्लोराइड. मीठ हे क्लोराइड आहे, बोअरच्या पाण्यात ते असते, ब्लीचिंग पावडरमधून ते मिळते आणि संडास धुण्याच्या ॲसिडमध्ये, म्हणजे हायड्रोक्लोरिक आम्लात, ते भरपूर असते. क्लोराइड हा थर सर्वत्र सारखा झिजवत नाही. तो एखाद्या कमकुवत बिंदूवर भोक पाडतो. त्या भोकात पाणी साचून राहते, आतला प्राणवायू संपतो, द्रव आम्लधर्मी होत जातो आणि थर पुन्हा धरूच शकत नाही. बाहेरून टाचणीच्या टोकाएवढा ठिपका दिसतो, पण आत खड्डा खोल होत असतो. पातळ पत्र्याला या मार्गाने आरपार भोकही पडू शकते.

आता आपला सिंक. ओली घासणी आणि साबणाची वडी एकाच कोपऱ्यात सतत पडून राहिली, की तिच्याखाली हवा पोहोचत नाही आणि ओल मात्र चोवीस तास राहते. त्यातच घासणी साध्या लोखंडी तारेची असेल, तर तिचे सूक्ष्म कण सिंकच्या पृष्ठभागात रुतून बसतात. मग गंजते ती घासणी, डाग मात्र सिंकवर दिसतो. हा दुसऱ्याचा गंज असतो आणि वेळीच काढला तर खालचे स्टील शाबूत निघते. वेळ गेली, तर त्या कणाखालीच खड्डा पडायला सुरुवात होते.

मांडणीचा दोष पाण्याकडे जातो. आपल्या भागातील बोअरचे पाणी काळ्या खडकाच्या भेगांतून आलेले, कॅल्शियम आणि मॅग्नेशियमचे क्षार घेऊन आलेले जड पाणी असते. ओली भांडी मांडणीत उपडी घातली, की पाणी निथळून खालच्या तारांवर जमते आणि वाळते. पाणी उडून जाते, क्षार आणि क्लोराइड मात्र तिथेच राहतात, आणि दररोज एक पदर चढत जातो. आपल्याकडे उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो, त्यामुळे हे वाळणे झपाट्याने होते; शिवाय उष्णतेने क्लोराइडचा मारा अधिक तीव्र होतो. पांढऱ्या थराखाली हवा जात नाही, म्हणून त्याच्याच आडोशाला गंज धरतो. आपण नखाने खरवडल्यावर जे पाहिले ते हेच.

भारतीय मानकानुसार पिण्याच्या पाण्यात क्लोराइडची स्वीकार्य मर्यादा लिटरला २५० मिलिग्रॅम आहे आणि दुसरा स्रोत नसेल तर १००० मिलिग्रॅमपर्यंत चालते. ३०४ जातीच्या, म्हणजे चांगल्या भांड्यांसाठी वापरतात त्या, स्टीलसाठी मात्र साधारण २०० मिलिग्रॅमपर्यंतचे पाणी सुरक्षित मानतात. म्हणजे माणसाला चालणारे पाणी स्टीलला चालेलच असे नाही. बोअरचे पाणी एकदा प्रयोगशाळेतून तपासून घ्यावे, त्यात क्लोराइड आणि कठीणपणा (म्हणजे पाण्याचा जडपणा) हे दोन आकडे आवर्जून मागावेत.

डाग काढण्याची रीत अशी. पांढरा थर चुनखडीचा असतो आणि तो आम्लात विरघळतो. लिटरभर गरम पाण्यात एक-दोन चहाचे चमचे लिंबूसत्त्व घालावे, त्यात भिजवलेले फडके तारांवर गुंडाळून पंधरा-वीस मिनिटे ठेवावे, मग मऊ काथ्याने किंवा नायलॉनच्या घासणीने चोळून भरपूर साध्या पाण्याने धुवावे. लिंबूसत्त्व नसल्यास व्हिनेगर चालते. कोवळा गंजही यानेच सुटतो; किंचित चिवट असेल तर खायच्या सोड्यात पाणी घालून केलेला लगदा फडक्याने चोळावा. चोळताना पत्र्यावर ज्या दिशेने पॉलिशच्या बारीक रेघा आहेत त्याच दिशेने हात चालवावा. आडवे-तिडवे घासल्याने पृष्ठभाग खरबरीत होतो आणि खरबरीत पृष्ठभागावर मळ व क्षार अधिक चिकटतात. शेवटी कोरड्या फडक्याने पुसून घ्यावे. हे पुसणे वगळले, तर बोअरच्याच पाण्याचा नवा थर त्याच दिवशी बसू लागतो.

एक धोक्याची सूचना मनापासून देतो. ब्लीच किंवा ब्लीचिंग पावडर आणि कोणतेही आम्ल, मग ते लिंबूसत्त्व असो की संडासाचे ॲसिड, एकत्र करू नये आणि एकामागोमाग एकाच सिंकमध्ये ओतूही नये. त्यातून क्लोरीन वायू सुटतो आणि बंद स्वयंपाकघरात तो जिवावर बेतू शकतो.

आपल्याला एक विचारायचे आहे. नव्या घरात फरशीवरचे सिमेंटचे डाग काढण्यासाठी ॲसिडने धुलाई झाली होती का, आणि तेव्हा सिंक बसवलेला होता का? पिंपाच्या जोडाविषयी थोडी अधिक माहिती दिलीत तर त्याचे स्वतंत्र उत्तर लिहितो.

उत्तर २
भांड्यांचा व्यापारी

काकांनी विज्ञान उत्तम समजावले आहे. मी दुकानाच्या बाजूने चार गोष्टी सांगतो, कारण ‘आताचे स्टीलच निकृष्ट येते का’ हा प्रश्न आम्हाला रोज ऐकू येतो आणि त्याचे प्रामाणिक उत्तर गिऱ्हाइकाला मिळालेच पाहिजे.

स्टील या एकाच नावाखाली अनेक जाती विकल्या जातात. ३०४ जातीत साधारण १८ टक्के क्रोमियम आणि ८ टक्के निकेल असते. जुनी माणसे जिला ‘अठरा-आठ’ म्हणत ती हीच. आपल्या सासूबाईंचा हंडा बहुधा याच जातीचा असावा. निकेल महाग पडते, म्हणून २०१ आणि २०२ या जातींत निकेल कमी करून मँगनीज वाढवलेले असते, आणि त्याहून स्वस्त पत्र्यात निकेल जेमतेम एक टक्क्याच्या आसपास आणि क्रोमियमही कमी असते. नव्याने घेतल्या दिवशी या सगळ्या जाती सारख्याच चमकतात. फरक कळतो तो जड पाण्यात आणि मिठाच्या संपर्कात काही महिने गेल्यावर. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला वाण म्हणून घाऊक घेतल्या जाणाऱ्या पातळ वाट्या बहुतेक वेळा या स्वस्त पत्र्याच्या असतात. त्यात कोरडा जिन्नस ठेवायला हरकत नाही, पण ताक किंवा लोणचे त्यात साठवू नये.

लोहचुंबक लावून पारख करण्याची पद्धत सर्वत्र रूढ आहे आणि तिच्यामुळे लोक फसतात. चुंबक चिकटला म्हणजे खोटे आणि नाही चिकटला म्हणजे खरे, असे नाही. २०१ आणि २०२ या हलक्या जातींनाही चुंबक चिकटत नाही, त्यामुळे त्या सहज ३०४ म्हणून खपतात. उलट ४३० या जातीला चुंबक चिकटतो, तिच्यात निकेल नसते, पण १६ ते १८ टक्के क्रोमियम असते आणि घरातील साध्या वापराला ती पुरते. इंडक्शन शेगडीवर चालणाऱ्या भांड्यांचा तळ तर मुद्दाम चुंबक धरणारा करावा लागतो. सुरीचे पातेही चुंबक धरते, कारण धार टिकण्यासाठी ते वेगळ्या, कडक जातीचे असते. त्यात क्रोमियम कमी असल्यामुळे सुरी ओली ठेवली की लवकर डागाळते.

मग खात्री कशी करावी? स्टीलच्या भांड्यांसाठी आयएस १४७५६ हे भारतीय मानक आहे आणि केंद्र सरकारने मार्च २०२४ मध्ये आदेश काढून या भांड्यांवर आयएसआय चिन्ह बंधनकारक केले आहे. ते चिन्ह पाहावे आणि बिलावर जातीचा क्रमांक लिहून घ्यावा. जो दुकानदार बिलावर ३०४ लिहायला तयार होत नाही, त्याच्याकडून त्या भावाने घेऊ नये, असे मी स्वतः व्यापारी असून सांगतो. घरातील प्रत्येक वस्तू ३०४ ची असण्याची गरज नाही. धान्याचे आणि पिठाचे डबे कोरडे असतात, तिथे २०२ वर्षानुवर्षे टिकते. पैसे घालायचे ते पाण्याचे पिंप, सिंक आणि आंबट-खारट शिजणाऱ्या पातेल्यांवर.

उत्तर ३
खानावळ चालवणाऱ्या ताई, भवानी पेठ

माझ्याकडे पातेली, पराती, पिंपे असे सगळे स्टीलच आहे आणि पाणी आपल्यासारखेच बोअरचे आहे, म्हणून रोजच्या कामातील ज्या सवयींचा खरोखर उपयोग होतो त्या लिहिते.

भाकरीचा लोखंडी तवा स्टीलच्या सिंकमध्ये किंवा मांडणीत ओला ठेवू देऊ नका. सोलापुरात भाकरीशिवाय घर नाही आणि सिंकवरील गोल तांबूस कडे बहुतेक घरांत तव्याचेच असते. तवा, विळी, लोखंडी कढई यांची जागाच वेगळी ठेवावी, आणि धुतल्यावर ते चुलीवर वाळवून हलका तेलाचा हात फिरवून ठेवावेत.

आमटीसाठी आधण ठेवताना गार पाण्यात मीठ टाकून तसेच सोडू नये. मीठ तळाशी बसते आणि जिथे खडा बसला तिथेच पातेल्याला पांढरट टोचे पडतात. हे टोचे घासून जात नाहीत. पाण्याला उकळी आल्यावर मीठ टाकून लगेच ढवळावे. उरलेली आमटी, चिंचेचा सार किंवा ताक रात्रभर स्टीलच्या पातेल्यात ठेवण्यापेक्षा काचेच्या किंवा चिनी मातीच्या भांड्यात काढावे. लोणच्याला तर चिनी मातीची बरणीच हवी. शेंगाचटणी मात्र स्टीलच्या डब्यात खुशाल राहते, कारण ती कोरडी आणि तेलकट असते. फक्त त्यात ओला चमचा जाता कामा नये. मीठ साठवायला पावसाळ्यात स्टीलचा डबा अजिबात नको, ते ओल ओढून घेते आणि डब्याच्या कडेला आतून डाग धरतात.

करपलेले पातेले खरवडू नये. त्यात पाणी आणि खायचा सोडा घालून उकळी आणावी आणि निवल्यावर लाकडी उलथन्याने काढावे. नुसत्या आचेने तळाला जे निळे-सोनेरी रंग चढतात तो गंज नव्हे, लिंबाची फोड किंवा व्हिनेगर फिरवले की जातात. राखेने घासण्याची जुनी पद्धत तांब्या-पितळेला ठीक होती. राखेत वाळूचे कण असतील तर स्टीलवर ओरखडे उठतात, म्हणून चाळल्याशिवाय ती वापरू नये.

पाणी शुद्ध करणाऱ्या आरओ यंत्रातून बाजूला पडणारे पाणी पुष्कळ घरांत भांडी घासायला घेतात. पाणी वाया जाऊ नये ही भावना आपल्या गावात मी पूर्ण समजू शकते, पण त्या पाण्यात मूळ पाण्यातले क्षार आणखी दाट झालेले असतात. ते फरशी पुसायला किंवा संडासात घालायला वापरा. भांडी त्यानेच घासायची असतील तर शेवटचा हात तरी नळाच्या पाण्याचा असावा. आणि भांडी धुतल्यावर कामाच्या बाईंना घाई असली तरी सुती पंचाने पुसूनच मांडणीत जावीत, एवढा आग्रह मी कधी सोडत नाही.

प्रश्नकर्तीचा प्रतिसाद

सर्वांचे मनःपूर्वक आभार. काकांनी विचारल्याप्रमाणे सांगते: फरशी ॲसिडने धुतली होती आणि तेव्हा सिंक बसवून झाला होता, खिडक्याही बंद होत्या. मांडणीवर लिंबूसत्त्वाचा उपाय करून पाहिला, पांढरा थर पूर्ण निघाला आणि बहुतेक तपकिरी डागही गेले, दोन-तीन जागी बारीक खड्डे उरले आहेत. पिंप एका कारागिराकडून बनवून घेतले आहे, पत्रा ३०४ चा असल्याचे बिलावर आहे. तोटीचा जोड काळपट-तपकिरी आहे आणि गंज नेमका त्याच पट्ट्यात आहे, बाकीचे पिंप स्वच्छ आहे. पाणी बरेच दिवस साठत असल्यामुळे आम्ही त्यात क्लोरीनची गोळी टाकतो. त्याचा याच्याशी संबंध असेल का?

उत्तर ४
निवृत्त धातुतंत्रज्ञ, होटगी रस्ता

संबंध आहे, आणि फरशीचे ॲसिड व क्लोरीनची गोळी या दोन्ही गोष्टींचा आहे.

सिंकचा उलगडा आता पुरता झाला. फरशीवर ओतलेल्या ॲसिडची वाफ बंद खोलीत हिंडून सिंक, बिजागऱ्या, नळ यांवर बसते आणि ओल मिळताच ठिपके उमटवते. पृष्ठभाग एकदा लिंबूसत्त्वाने स्वच्छ करून, खळखळून धुऊन, कोरडा करून काही तास उघडा ठेवला, की थर पुन्हा धरेल. यापुढे असे काम निघाले तर सिंक प्लास्टिकने झाकावा, खिडक्या उघड्या ठेवाव्यात आणि काम संपताच सगळे स्टील साध्या पाण्याने धुवावे. मांडणीवर उरलेले खड्डे भरून येणार नाहीत, पण कोरडे राहिले तर ते वाढणारही नाहीत.

पिंपाच्या बाबतीत पत्रा चांगला आहे, उणीव जोडात आहे. वेल्डिंगच्या उष्णतेने जोडाच्या दोन्ही बाजूंना काळपट पट्टा तयार होतो, आणि त्याच्या लगतच्या धातूतील क्रोमियम पृष्ठभागावरून कमी झालेले असते. कारखान्यात हा पट्टा पिकलिंग पेस्ट लावून काढतात आणि मगच वस्तू बाहेर पाठवतात. घाईच्या कामात ही पायरी गाळली जाते. ती पेस्ट नायट्रिक आणि हायड्रोफ्लोरिक आम्लाची असते. ती त्वचेला आणि डोळ्यांना अत्यंत घातक असल्यामुळे घरी आणून वापरू नये. पिंप त्याच कारागिराकडे न्यावे आणि जोड आतून-बाहेरून पिकलिंग करून, भरपूर धुऊन द्यायला सांगावे. त्याने नुसते ग्राइंडर मारून चकाकी आणून दिली तर ते पुरेसे नाही, आणि लोखंडावर वापरलेली चकतीच स्टीलवर फिरवली तर तिच्यातील लोखंडाचे कण रुतून गंज अधिकच वाढेल. यासाठी चकती नवी किंवा केवळ स्टीलसाठी राखलेली असावी, हे त्याला आधीच बजावावे.

क्लोरीनची गोळी बंद करण्याचे कारण नाही. साठवलेल्या पाण्याला ती आवश्यकच आहे आणि योग्य प्रमाणात विरघळलेले क्लोरीन ३०४ ला सहसा त्रास देत नाही. त्रास होतो तो गोळी थेट पिंपात टाकल्यामुळे. ती तळाशी किंवा तोटीच्या खोबणीत जाऊन बसते आणि विरघळेपर्यंत त्या एका जागी क्लोरीनचे प्रमाण कैक पटींनी जास्त राहते. गोळी प्लास्टिकच्या मगमध्ये पाणी घेऊन पूर्ण विरघळवावी, पिंप अर्धे भरल्यावर ते पाणी ओतावे आणि उरलेले पाणी वरून सोडावे, म्हणजे ते आपोआप ढवळले जाईल. गोळ्यांचा डबा पिंपाच्या झाकणावर ठेवण्याची सवय अनेक घरांत असते, तीही सोडावी, कारण दमट हवेत त्यातून क्लोरीन सुटत राहते.

तोटी पितळेची असेल आणि तिच्यामागे रबराचा वायसर असेल, तर जोड साफ करून आणताना वायसरही बदलावा. त्याच्या मागच्या फटीत पाणी अडकून राहते आणि तिथे हवा पोहोचत नाही. नव्या पाण्याच्या पाळीला पिंप रिकामे होईल तेव्हा तोटी उघडून ही फट बोटाला फडके गुंडाळून पुसावी. हे सगळे करूनही त्याच पट्ट्यात गंज परत आला, तर पिंपाचा तोटीभोवतीचा तेवढा भाग कापून ३१६ जातीचा तुकडा बसवून घ्यावा. त्या जातीत दोन ते तीन टक्के मॉलिब्डेनम असते आणि क्लोराइडपुढे ती ३०४ पेक्षा पुष्कळ अधिक तग धरते. संपूर्ण पिंप बदलण्याचा खर्च करण्याची मात्र काहीही गरज नाही.